पोराचा भाव

सोमवार, ३ फेब्रुवारी २०२५

डोकं उठलंय. सांगलीच्या बंदिस्त हॉलमधलं कुस्ती मैदान आमच्याच कंपनीच्या ॲपवर आलं! तिकिटाचे दर सॉफ्टवेअर हलवणार आणि मी मलकापूरच्या या खोलीत बसून त्याच्यावर लक्ष ठेवणार. पैलवानाचं पान जितके लोक उघडून बघतील, तितका त्याच्या बाजूच्या गॅलरीचा दर वर.

आणि मुख्य कुस्ती कुणाची? माझ्या धाकट्या भावाची, पृथ्वीराजची! गुडघ्याच्या ऑपरेशननंतर पहिल्यांदाच उतरतोय. ही गेली तर पुढं कोण बोलावणार त्याला? लगेच फोन केला. म्हणाला, "ताई, गाव यायला पायजे. आण्णांची आरोळी कानावर पडली की गुडघ्याची याद ऱ्हात न्हाई बघ."

शनिवार, ८ फेब्रुवारी

गावी जाऊन आले. पारावर सगळे मोबाइलमध्ये डोकं घालून बसलेले. कृष्णातकाका एकदम ओरडले, "चढला रं, चढला!" मला वाटलं, सोयाबीनचा भाव. कसलं काय! पृथ्वीच्या गॅलरीचा दर. आण्णा तर आपल्या पोराचा दर बघायला चहाच्या प्रत्येक घोटाला ॲप उघडतात आणि मिशीतल्या मिशीत हसतात. फौजेतून आल्यापासून इतके खूश कधी दिसले नव्हते.

तिकीट मात्र एकानंही काढलेलं नाही! आण्णा म्हणाले, "मैदानाला तिकीट कवापास्नं आलं? कुस्ती बघायची, आवडली तर पैलवानाच्या हातात इनाम ठिवायचं. आदी पैसं आनि मग कुस्ती? ही कुठली रीत?"

मी समजावलं — आण्णा, तुम्ही सारखं बघताय म्हणून दर चढतोय. बघायचं थांबवा. आपोआप उतरेल, मग सगळ्यांनी तिकिटं काढा.

लालबुंद झाले. "आमच्या पोराचा भाव आमीच पाडायचा व्हय?"

अहो, तो बाकड्याचा दर आहे, पोराचा नव्हे! सांगून सांगून घसा बसला. खोंडाला बाजारात भाव लागतो तसं चाललंय यांचं. मी रागावले, पण येताना एसटीत मला त्यांची कीवच आली. दीड वर्ष पोराचं नावसुद्धा कुणी काढलं नव्हतं.

बुधवार, १२ फेब्रुवारी

कंपनीतल्या विश्वजीत सरांना पुण्याला फोन केला. म्हटलं, नुसतं बघणाऱ्यांना मोजू नका, ती आमच्या गावची माणसं आहेत. "सॉफ्टवेअरला भाऊ-बहीण नसतात, मॅडम." वर हसले! फोन ठेवून मी रडले.

रविवार, १६ फेब्रुवारी

पृथ्वीचा दर सगळ्यांत वर गेला म्हणून गावात पेढे वाटले. पेढे! तिकीट अजून एकही नाही.

बुधवार, १९ फेब्रुवारी

समोरच्या पैलवानाच्या गावानं पहिल्याच दिवशी स्वस्तात तिकिटं काढून ठेवली. त्यांची गॅलरी भरली. आमच्या लोकांना आता काढायचं म्हटलं तरी परवडणार नाही, आणि आण्णा माझ्याकडून तिकीट घेणार नाहीत. "लेकीच्या पैशानं पोराची कुस्ती बघू?"

पृथ्वीनं विचारलं, "गाव यायलंय न्हवं?"

मी हो म्हणाले.

रविवार, २३ फेब्रुवारी. सांगली, दुपार

आमची गॅलरी ओस. पलीकडे हलगी, शिट्ट्या, दंगा. पृथ्वी मघाशी आत डोकावून गेला. रिकाम्या बाकांकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि गुडघ्याचा पट्टा आवळत निघून गेला.

बसवेना. लॅपटॉप उघडला, सॉफ्टवेअर बाजूला सारलं आणि आमच्या गॅलरीचा दर हातानं खाली ओढला. अगदी तळाला. नोकरी गेली तर गेली!

तेवढ्यात आण्णांचा फोन. "अगं, भाव पडला! कोण पाडायलंय?"

मी लॅपटॉप मिटला.

"जीपा काढल्यात. समदी तिकिटं आमी घेतो. पोराचा भाव पडू द्यायचा न्हाई!"

हसू का रडू? येऊ देत. कसेही येऊ देत. फक्त वेळेत येऊ देत.

सोमवार, २४ फेब्रुवारी. मिरज

दवाखान्याच्या पायरीवर बसून लिहितेय.

कुस्ती लागली तेव्हा गाव पोचलं नव्हतं. तरी पृथ्वी काय लढत होता! समोरच्याला रेटत पार कडेला नेलं होतं. आता पाडतोय, आता पाडतोय, असं वाटत असतानाच दार उघडलं आणि आमचं गाव आत घुसलं. पुढे आण्णा, डोक्याला फेटा. अशी आरोळी ठोकली की हॉल दणाणला! मीही उभी राहून ओरडले. मी आण्णांकडेच बघत होते.

वळून बघितलं तर पृथ्वी पाठीवर. गुडघा नको तसा वळलेला.

आण्णांनी पोरासाठी आणलेलं इनाम जिंकलेल्याच्या हातात ठेवलं. रीत ती रीत. मग पृथ्वीजवळ खाली मातीत बसले.

डॉक्टर म्हणतात, चालायला लागेल. कुस्ती नाही.

आण्णा येईल त्याला एकच सांगतायत, "बरं झालं, टायमात पोचलो. न्हाईतर येकटा पडला असता पोरगा." मी मान हलवते.

गुरुवार, २७ फेब्रुवारी

पृथ्वी आज पहिल्यांदा बोलला. आण्णा चहाला खाली गेले तेव्हा.

"त्यांची आरोळी आली, ताई. म्हनून वर बघितलं. आण्णांना सांगू नगंस."

नाही सांगणार म्हणाले. भाव कुणी पाडला ते त्यालाही नाही सांगितलं.