एकतीस नंबरची साथ

५ जानेवारी १९८७
औषध कंपनीच्या माणसानं डॉक्टर साहेबाला दोन डायऱ्या दिल्या. एक म्या मागून घेतली. नवीन काम मिळालंय, तर लिहून ठेवावं.
नऊ वर्षं झाली, साखर कारखान्याच्या दवाखान्यात रोजंदारीवर आया हाय. पाणी भर, फरशी पूस. आता रजिस्टर लिहिणारा महांतप्पा वजनकाट्यावर गेला. डॉक्टर म्हणाले, द्वारकाबाई, तुम्ही चौथी पास ना? पेशंटचं नाव लिहायचं, पुढं आजाराचा नंबर टाकायचा. चाळीस आजारांची छापील यादी हाय. म्हयन्याला हेड ऑफिसला रिपोर्ट जातो, तिकडून तशी औषधं येतात.
मार्चमधी आयाची एक जागा परमनंट होणार. मी नाहीतर जाईबाई. जाईबाई अंगठा लावते. म्हणजे जागा माझीच.
ठरवलं: पेशंटवर खेकसायचं न्हाय.

६ जानेवारी
खेकसले. पण चूक त्यांचीच. पुतळाबाईला म्हणलं काय होतंय, तर तिनं सासूच्या मयतापासून सुरू केलं. पोटापर्यंत यायला अर्धा तास.

९ जानेवारी
युक्ती सापडली. यादी आतल्या खोलीत, कपाटाच्या मागं चिकटवलीय. दर पेशंटला उठा, आत जा, बोट लावून वाचा, परत या. माणूस हाय का मशीन? पहिल्या दिवशीचा पहिला पेशंट हमाल बलभीम. कंबरदुखी, नंबर एकतीस. तेवढा पाठ झालाय.
आता एकच सवाल करते. कंबर दुखती का?
पोती उचलणारे हमाल, ऊस तोडणारे, पाण्यासाठी कोसभर चालणाऱ्या बाया. न्हाय म्हणणारा अजून भेटला न्हाय. एकतीस. चला पुढं. तपासून गोळी तर डॉक्टर देतातच, नंबर काय, कागदाला.
बारा वाजता रांग खलास. डॉक्टर म्हणाले, वा! महांतप्पाला तीन वाजायचे.

१४ जानेवारी
संक्रांत. आज कुणावर चिडायचं न्हाय असं ठरवलं होतं. पहिल्याच बाईनं तिळगूळ हातावर ठेवला आन् लगेच जुलाबाचं सांगत बसली. मला तिळगूळ खाऊ तरी दे म्हणलं. एकतीस.

१६ जानेवारी
विहीर आटली. टँकर आता कारखान्याच्या गेटवरच थांबतो. तिथनं दवाखान्यापर्यंत दोनशे पावलं, दहा घागरी. कंपाउंडर रेवणप्पा म्हणतो, द्वारकाक्का, पाच तुमच्या, पाच जाईबाईच्या. म्या म्हणलं, लिहिणाऱ्या माणसानं घागरी वाहायच्या का? तो म्हणतो, महांतप्पाला काय घागर उचलायला सांगितली नव्हती, पण तो आया नव्हता.
तोंडाळ माणूस. म्या रजिस्टर उघडलं, स्वतःचं नाव घातलं, एकतीस. दाखवलं त्याला. सरकारी... म्हणजे कारखान्याचा कागद हाय, खोटा कसा असंल? त्यानं वाचलं, माझ्याकडं बघितलं, घागरी जाईबाईपुढं सरकवल्या.
दहाच्या दहा जाईबाईनं आणल्या. मुकाट. बाई चांगली हाय, पण परमनंटला डोकं लागतं.

२ फेब्रुवारी
जानेवारीचा रिपोर्ट केला. एकूण पेशंट चारशे बारा. एकतीस नंबर तीनशे सत्त्याण्णव. बाकीचे पंधरा पहिल्या चार दिवसांतले, युक्ती सापडायच्या आधीचे. डॉक्टरांनी न वाचता सही केली. म्हणाले, अक्षर मोत्यासारखं हाय.
रेवणप्पानं वाचला. म्हणतो, अक्का, एवढ्या कंबरा मोडल्या तर कारखाना उभा कसा? जळतो.
माझं नाव रोज टाकते. टँकर रोज येतो.

१८ फेब्रुवारी
हेड ऑफिसनं ट्रक पाठवला. चाळीस खोकी. सगळा बाम. तापाची एक गोळी न्हाय. संग पत्र, डॉक्टरांनी उभ्या उभ्या वाचलं. आपल्याकडं कंबरदुखीची साथ दिसते, पुढच्या म्हयन्यात साहेब बघायला येतील. डॉक्टरांनी डोकं धरलं. बाम लावून देऊ का, विचारलं. नको म्हणाले.
ड्रायव्हरनं खोकी गेटवरच उतरवली. जाईबाई बहिणीच्या लग्नाला मुरूमला गेलेली. डॉक्टर गेटवर उभे, हातात परमनंटचे अर्ज. रेवणप्पा मुद्दाम मोठ्यानं म्हणतो, अक्काला सांगू नका साहेब, त्यांना एकतीस हाय.
डॉक्टर माझ्याकडं बघायला लागले. मंग काय करणार. एकतीस कालपर्यंत होतं म्हणलं, आन् पदर खोचला. सतरा खोकी वाहिली. अठराव्याला कमरेत कट् वाजलं.
डॉक्टर तवर आत गेले होते.

१९ फेब्रुवारी
वाकता येत न्हाय. वाकलं तर उठता येत न्हाय. आजपासून माझं नाव टाकायचं बंद. आता खरंच दुखतंय, आता टाकलं तर लोक काय म्हणतील?
जाईबाईला कळलं. तिनं शेकायला विटकर तापवून फडक्यात बांधून आणली. म्हणली, आक्का, कुणाला सांगत न्हाय. म्या म्हणलं, सांगण्यासारखं काय हायच न्हाय.
विटकर ठेवून घेतली.

२४ फेब्रुवारी
तापाच्या गोळ्या संपल्या. ऊसतोड्या पिराजी तापानं फणफणला होता, बाम दिला. संध्याकाळी परत. डोळे लाल, नाकातनं पाणी. म्हणतो, बाई, ताप तसाच हाय, वरनं आता आंधळाबी झालो. म्हणलं, कपाळाला सांगितला होता, डोळ्यात कुणी सांगितला? डॉक्टरांनी त्याला जीपमधनं उमरग्याच्या मोठ्या दवाखान्यात पाठवलं. तिसऱ्या दिवशी म्हणं चालत येईल. येऊ दे.

६ मार्च
हेड ऑफिसचे साहेब आले. चष्मा, पांढरा शर्ट. मागच्या आठवड्यातले एकतीसवाले रांगेत उभे केले. म्हणाले, वाका. सगळे वाकले. उठा. सगळे उठले. बलभीमला विचारलं, काय होत होतं? म्हणला, दाढ. दुसऱ्याला खरूज. पुतळाबाई म्हणली, मला आठवा म्हयना हाय, साहेब, मी वाकत न्हाय.
साहेब माझ्याकडं वळले. हे काय हाय बाई? म्या सरळ सांगितलं, साहेब, आजार चाळीस असतील, पण कंबर हरेकाला एक हायच. रेवणप्पा हसला. डॉक्टरांचे कान लाल.
साहेबांनी रजिस्टर मागितलं. खुर्चीवरनं उठून द्यायला गेले, तर भिंत धरत, निम्मी वाकून, तोंडातनं आई गं. साहेबांनी माझ्या कमरेकडं बघितलं. मग रजिस्टर गाडीत घालून घेऊन गेले.
अक्षर आवडलं असणार.

२८ मार्च
पत्र आलं. जागा जाईबाईची.
म्या म्हणलं नाव चुकलंय, परत वाचा. रेवणप्पानं परत वाचलं. रजिस्टरातल्या सगळ्या एकतीस नंबरांवर साहेबांनी लाल काट मारलीय, खोटे म्हणून. फक्त एक पेशंट खरा धरला, कारण साहेबांनी डोळ्यांनी बघितला. द्वारकाबाई, एका म्हयन्यात सव्वीस वेळा. ओझं उचलायच्या जागेला नालायक. जाईबाईच्या नावावर दोन म्हयन्यांत एकबी आजार न्हाय.
डॉक्टर म्हणाले, मी लिहून दिलं होतं की बाई कामाची हाय. पण अक्षर तुमचंच होतं.

१ एप्रिल
जाईबाई नव्या पांढऱ्या लुगड्यात आली. पेढा दिला. पायाबी पडली. आता तिला लिहायला शिकवायचंय, डॉक्टरांनी मलाच सांगितलं. पहिल्याच दिवशी यादीचे चाळीसच्या चाळीस आजार पाठ म्हणली. हळूच विचारलं, आक्का, विटकर आणू? म्हणलं, मला काय झालंय?
रेवणप्पा म्हणतो, पुढच्या मार्चला आणखी एक जागा निघणार. म्हणजे ती माझीच. फक्त वर्षभर नावापुढं एकतीस यायला नको.

२ एप्रिल
रात्रभर या कुशीवरनं त्या कुशीवर होता आलं न्हाय. सकाळी रांगेत उभी राहिले. जाईबाई रजिस्टर घेऊन बसलेली, अक्षर दाखवायला डॉक्टर शेजारी. त्यांनी विचारलं, द्वारकाबाई, काय होतंय?
सांगितलं, ताप.
तापाच्या गोळ्या आल्यात आता, भरपूर. दोन दिल्या. घेतल्या.