पाणसाद

५ मे. दुपार.
…आणि तेवढ्यात सुहासिनीने हलवून उठवलं. सूर निसटला. पाणी अगदी नळाच्या तोंडाशी आलं होतं. चहा झालाय, म्हणाली. बायकोला माझ्या झोपेचं काही पडलेलं नाही.

लिहून ठेवतो. तिकडे, म्हणजे झोपेतल्या त्या गावात, पंप नाही, व्हॉल्व्ह नाही, टँकर नाही. नळासमोर उभं राहायचं आणि एक लांब हुंकार द्यायचा. सूर बरोबर लागला तर पाणी त्याच सुरात ओ देतं आणि येतं. याला तिकडे पाणसाद म्हणतात. सूर चुकला तर पाणी शेजाऱ्याकडे जातं.

इकडे, दिवा स्टेशनजवळच्या आमच्या बिल्डिंगमध्ये, पाणी एक दिवसाआड. तेही त्याच्या मनात आलं तर. सोसायटीचा सेक्रेटरी मी. स्वप्न मलाच पडावं, हा योगायोग नाही.

६ मे.
वामकुक्षी लांबवली. तिकडच्या नगरपालिकेत गेलो. गळा विभाग. साहेबांनी जीभ बाहेर काढायला लावली आणि तिच्यावर शिक्का मारला. उठल्यावर आरशात पाहिलं. शिक्का नाही. पण शाईची चव.
सुहासिनी म्हणाली, अहो, पेन चघळत झोपला होतात.

८ मे.
यश. किचनच्या नळाशी हुंकार दिला. नळ आतून घुरघुरला. मग पाणी.
सुहासिनी म्हणे ती पाइपातली हवा, आणि खालच्या मजल्यावरच्या अँजेलाने आपल्याकडून चावी नेऊन पंप चालू केलाय. अँजेलाला नेमका तेव्हाच पंप का चालू करावासा वाटला, हे सुहासिनीने सांगावं.

१० मे.
खालच्या मजल्यावरचे गॅब्रिएल आणि अँजेला आले. मुलाचं, ओवेनचं, लग्न अठराला. आदल्या संध्याकाळी उंबराचं पाणी. त्यांच्यात बायका बँड लावून विहिरीवर जातात, पाणी आणतात, त्या पाण्याने नवरा मुलगा न्हातो. ठाण्याला त्यांच्या गावठाणात विहीर होती. आता तिथे पार्किंग आहे. म्हणून सोसायटीची जमिनीखालची टाकी हीच विहीर मानायची, असं त्यांनी ठरवलंय.
अँजेला म्हणाली, मधुभाऊ, टाकी भरलेली पाहिजे हां. एकुलता एक पोरगा आहे. टँकर सांगाल ना?
म्हटलं, पाण्याची जबाबदारी माझी. टँकर हा शब्द मी उच्चारला नाही. नोंद असावी.
गॅब्रिएल म्हणाला, बघ हां बावा, टाकी सुकी निघाली तर तुलाच दोरी बांधून आत सोडीन. सगळे हसले. मीही.

१३ मे.
टँकरवाल्याचा फोन. सतराला पाठवू का? नको म्हणालो. साहेब, सीझन आहे, मग मागाल तर मिळणार नाय, म्हणाला. माणूस घाबरलाय. धंदा बुडणार हे त्याला कळलेलं दिसतं.
सुहासिनीला बोललो नाही. तिला उगाच काळजी नको.

१५ मे.
सोसायटीच्या ग्रुपवर मेसेज टाकला. सतराला सकाळी प्रत्येक घराने नळाशी उभं राहून, ओठ मिटून, एक दीर्घ हुंकार द्यावा. कारण नंतर कळेल.
चौथ्या मजल्यावरच्या श्रियाने विचारलं, काका, पट्टी कोणती? तिच्या शेजारचा आनंद म्हणाला, उपाशीपोटी की पोहे खाऊन? ओवेन म्हणाला, अंकल, माझं लग्न आहे, योगा कॅम्प नाय. अँजेलाने विचारलं, टँकर किती वाजता येतो?
उत्साह चांगला आहे.

१७ मे. सकाळ.
हुंकार दिला. पाणी नाही. आज पाण्याचा दिवसच नव्हे, हे लक्षात घेता निकाल समाधानकारक.

दुपार.
तिकडे जाऊन विचारायचं होतं. झोप लागली नाही. टँकरवाल्याला फोन केला, केवळ चौकशी म्हणून. तो बराच वेळ हसला. आता एकोणीसनंतर बघू, म्हणाला.

संध्याकाळ.
बँड आला. अँजेला नव्या लुगड्यात, मागे कळशा घेतलेल्या बायका. झाकण उघडलं. गॅब्रिएलने दोरीला बांधून बादली सोडली. ठण्ण.
शुद्ध पंचम.
बँड थांबला. मी पुढे झालो, टाकीत वाकून हुंकार दिला. टाकीने तो मोठा करून परत केला. पुन्हा दिला. अँजेला म्हणाली, मधुभाऊ, टँकर सांगितला होता ना? म्हटलं, जरा वेळ द्या. तिची कळशी कमरेवर तशीच. गॅब्रिएलने माझ्याकडे पाहिलं नाही. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.
मग सुहासिनी घरात गेली आणि पिण्याच्या पाण्याची कळशी घेऊन आली. आमच्याकडे तेवढंच होतं. तिने ते बादलीत ओतलं. गॅब्रिएलने भरली बादली टाकीत सोडली आणि वर काढली. अँजेलाने कळशी पुढे केली. बँड सुरू झाला.
पाणी टाकीतूनच आलं, हे कुणालाही नाकारता येणार नाही.

१८ मे. सकाळ.
अँजेलाच्या भावाने ठाण्याहून टँकर आणला. टाकी भरली. गॅब्रिएल वर आला, टाकीच्या आणि पंपाच्या चाव्या मागितल्या. दिल्या. त्याने त्या तिथल्या तिथे सुहासिनीच्या हातात ठेवल्या. मला म्हणाला, चर्चमध्ये माझ्या बाजूला बस, लक्ष ठेवता येईल. आंघोळ करून गेलो.