राखेखालची पहाट

कोल्हापूर,
२ एप्रिल २०२५

प्रिय विमल,
स. न. वि. वि.

तुझ्या गोष्टीचं शेवटचं प्रकरण काल मिळालं. संस्कृतच्या मास्तरणीला लाल शाईची सवय असते, हे ठाऊक असूनही कॉलेजपासून तू मलाच कागद पाठवतेस. तेव्हा आता सोस.

शिंगांमधून पहाट वाहून आणणारा तुझा पांढरा गवा दरीतल्या लेकरांना सोडवताना मरतो, खोऱ्यात अंधार होतो आणि तू खाली ‘समाप्त’ लिहितेस. ते मी खोडलं आहे. नायकाच्या मरणावर पडदा पाडायची आमच्या संस्कृत नाटकात सोय नाही. शिवाय पहिल्या प्रकरणात त्यानं राखेखाली पहाटेचा निखारा दडवला होता. त्याचं काय झालं?

तुझी लेक सई सांगत होती, वर्षभर तू रविवारच्या उपासनेला गेली नाहीस. मी तुझ्या देवाची वकील नव्हे. आमच्या तेहतीस कोटींचं करतानाच दमछाक होते. पण निखाऱ्याची चौकशी मी करणारच.

लोभ जुनाच आहे, मुरू दे.

तुझी,
मधुवंती


जयसिंगपूर,
८ एप्रिल

प्रिय मधू,
सप्रेम सलाम.

निखारा मी विसरलेच होते. पहिलं प्रकरण लिहिलं तेव्हा हे होते. शिरोलीच्या फाउंड्रीत दिवसभर आगीपाशी राहूनही घरी आले की बंबातला निखारा राखेनं झाकून ठेवायचे. सकाळी एक फुंकर मारली की पेटायचा. तेच मी गव्याला दिलं.

ह्यांच्या दफनाच्या वेळी चर्चच्या पाळकसाहेबांनी पुनरुत्थानाचं वचन वाचलं. मला फक्त माती पडल्याचा आवाज आला. तेव्हापासून प्रार्थनेला बसले की तोंडातून शब्द निघत नाही. आता ईस्टरला मुलांना गोष्ट सांगायला बोलावलं आहे. मी नाही म्हणणार आहे. जे मलाच खरं वाटत नाही, ते लेकरांना कसं सांगू?

रागावू नकोस, एवढाच लोभ पुरे.

विमल


कोल्हापूर,
१२ एप्रिल

प्रिय विमल,
स. न. वि. वि.

खरं वाटत नाही ते नको सांगू. गव्याची गोष्ट सांग, ती तर तुझीच आहे. दुधाच्या पिशवीवरची तारीख दोनदा तपासणारी बाई मी. पण गवा मेल्यावर दोन दिवस निखारा पेटायची वाट बघत होते. का, ते तूच शोध. माझ्या अभ्यासक्रमात ते येत नाही.

रागावलेले नाही. लोभात कपात नाही.

मधुवंती


जयसिंगपूर,
२१ एप्रिल

प्रिय मधू,
सप्रेम सलाम.

काल ईस्टरला चर्चमध्ये गेले. गवा मरतो तिथपर्यंत सांगितलं आणि अडले. पुढचं पान लिहिलंच नव्हतं. मागच्या बाकावर आमच्या मंडळीतल्या बायडाबाई बसल्या होत्या, वय ऐंशीच्या पुढं. त्या मोठ्यानं म्हणाल्या, “थांबलीस का गं? निखारा हाय की राखंत.”

मुलांनी ते खरं मानलं. सगळ्यांनी गाल फुगवून जमिनीवर फुंकर मारली. मीही मारली, मधू. मग गवा उठला. मी उठवला असं मला म्हणता येत नाही.

नंतर उपासनेत पुनरुत्थानाचं गीत झालं. पहिलं कडवं रडण्यात गेलं, दुसऱ्यापासून गायले. घरी येऊन प्रार्थना केली. दोनच वाक्यांची, त्यातलं एक तुझ्यासाठी होतं. देव वेगळा म्हणून तक्रार करू नकोस.

शेवटचं पान सोबत आहे. खाली ‘समाप्त’ लिहिलेलं नाही. तिथं तुझी लाल शाई लावू नकोस. ती जागा मी मोकळी ठेवली आहे.

लोभ वाढला तरी चालेल.

तुझी,
विमल