मोहाखालचा पाला

मी, डोमा सोमाजी गणवीर, वय एकाहत्तर, इंजिन मिस्त्री, राहणार आसगाव, तालुका पवनी, जिल्हा भंडारा, माझ्या मागे राहणाऱ्यांसाठी हे लिहून ठेवतो. डोके ठिकाणावर आहे. कान इतके शाबूत आहेत की आतल्या खोलीत माझ्या वाटण्या कोण कशा करते तेही ऐकू येते. म्हणून मीच करतो.

१. राहते घर व बँकेतली ठेव पत्नी पंचफुलाची. तिला कोणी "जरा सरक" म्हणू नये. तिच्या पश्चात दोन्ही मुलांना सारखे.

२. धानाची बांधी मुलगा धम्मदीपला. लाखांदूरचे दुकान, सगळ्या पाने-पकडींसह, मुलगी सरिताला. बंद पंपाला हात लावण्याआधी ती कान लावते. हे मी शिकवले नाही, तिने पाहून चोरले.

३. गावाबाहेरची माझी टेकडी. हिचे सविस्तर लिहितो, कारण धम्मदीपला ती गिट्टीच्या खदानीला द्यायची आहे. तिथे एक गोगलगाय राहते, नखाएवढी, उभ्या शंखाची. भाजी फस्त करणारी मोठी ती ही नव्हे. नागपूरहून आलेल्या प्राध्यापक बाईंना ही दुसरीकडे कुठेच सापडली नाही. पावसाळाभर ती फिरते, मग शंखाच्या तोंडाला पापुद्रा लावून मोहाच्या पाल्याखाली झोपते.

"बाबा, आठ महिने झोपनाऱ्या किड्यासाठी जागा अडवून ठेवता जी?" धम्मदीप म्हणाला.

"बारावीनंतर तू बी झोपूनच होतास. तुले घराबाहेर काढलो का?"

मोहफुले वेचायला जागा साफ व्हावी म्हणून फागुनात सगळा गाव झाडाखालचा पाला जाळतो. शेजारी भैयाजीने मागल्या फागुनात जाळला आणि आग टेकडीवर चढली. पाल्याच्या चरचरीत मला दुसरा आवाज ऐकू आला, लाह्या फुटाव्या तसा. राख उकरली तर शंख पांढरे पडून टिचलेले.

भैयाजी म्हणाला, "एवढा तमाशा कायले, डोमा? थे काय बोंबलली?"

"बोंबलली. मी आयकलो."

तेव्हापासून आमचे बोलणे बंद आहे. पलीकडच्या उतारावर थोड्या गोगलगायी वाचल्या. आणखी एक आग लागली की त्याही संपल्या.

म्हणून टेकडी सरिताची. तिने ती विकू नये, खोदू देऊ नये. तिथली मोहफुले मात्र दरवर्षी भैयाजीची. होय, भैयाजीचीच. अट एक: पाल्यावर जुनी लुगडी अंथरून फुले झेलावी, काडी ओढू नये. टेकडीवर धूर दिसला की हा हक्क त्याचा धाकटा भाऊ धनीराम याला जाईल. शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून, भांडण झाल्यापासून हे भाऊ एकमेकांचे तोंड पाहत नाहीत. धनीराम फागुनभर टेकडीवर डोळा ठेवील, आणि ते पाहून भैयाजी आगपेटी घरी ठेवील. धनीरामनेच आग लावली, तर दोघांचाही हक्क संपला; फुले पंचफुलाची.

४. माझ्या नावाचा दगड टेकडीवर लावू नये. पाऊस चांगला लागला की सरिताने एकदा तिथे जावे, गाडी बंद करून कान द्यावा. पाल्यात काही सरकताना ऐकू आले, तर माझा शब्द पाळला गेला असे समजावे.

साक्षीला दोघा भावांना बोलावले नाही. एका कागदावर ते मावणार नाहीत. खालील दोघांसमोर, वाचून, समजून सही केली.

सही: डोमा सोमाजी गणवीर

साक्षीदार: १. लिलाधर बाबुलाल मेंढे २. कौशल्याबाई रामटेके

आसगाव, ९ नोव्हेंबर २०२४