तक्रारवही कोरी राहिली

३ फेब्रुवारी, सोमवार
कंपनीचं दुसरं ऑफिस वर्तकनगरला होतंय. तिथल्या पँट्रीला सुपरवायझर लागणार. कोलशेतला चौदा वर्षं चहा मी केला, म्हणजे मीच. अडतं फक्त इंग्रजीवर. भाची संचिता म्हणाली, आत्या, रोज एक क्रियापद घे, आधी कौतुकाची नि टीकेची. मी चौथी शिकलेय, जमेल.
आजचं: क्रिटिसाइझ. नावं ठेवणं. सोपं आहे, ऑफिसात तेच चालतं.

५ फेब्रुवारी
अप्रिशिएट. कदर करणं.
पँट्रीत खिळ्याला टांगलेली तक्रारवही अकाउंटच्या साकेतकडून वाचून घेतली, सगळे इंग्रजीत लिहितात. चहा गार. आलं कमी. शीला उलट बोलते. उलट कुठे, सरळच बोलते. आठवड्यात सगळ्यांची तोंडं बंद करते.

१२ फेब्रुवारी
वहीत एक अक्षर नाही. इंग्रजीचा दरारा. साकेतला म्हटलं, आय अप्रिशिएट यू. त्याने मान खाली घातली. लाजाळू आहे.

१३ फेब्रुवारी, दुपार
दोन माणसं टेप घेऊन आली. ओटा मोजला, नळ कुठे, प्लग कुठे बघितलं. काय करताय विचारलं, तर म्हणे मॅडमना विचारा. ओटा मोठा करत असतील. चौदा वर्षांनी सुचलं.

१४ फेब्रुवारी
अ‍ॅडमिनच्या हेमा मॅडम पँट्रीत आल्या. कधी येत नाहीत. कोणाला बिनसाखरेचा, कोणाला आलं जास्त, सगळं मोबाईलवर लिहून घेतलं. एक्केचाळीस माणसं तोंडपाठ सांगितली. म्हणाल्या, शीलाताई, वुई अ‍ॅडमायर यू. संचिता म्हणते ते अप्रिशिएटच्या वरचं. चढत चाललंय.

१८ फेब्रुवारी
कमेंड. वाखाणणं. हे अजून वरचं.
मंदाकिनीचा शहाडहून फोन. आमच्याकडे झाडू मारायची, गेल्या वर्षी काढली. म्हणाली, शीला, मला पण नावं ठेवायचे बंद झालेले, मग पंधरा दिवसांत गेटपास काढून घेतला. तिचं काम कच्चं होतं. जळते.

१९ फेब्रुवारी
आज मुद्दाम कोणाच्याच चहात साखर घातली नाही. बघू कोण बोलतं.
सगळे मुकाट प्यायले. साकेत म्हणाला, छान झालाय ताई.
झोप आली नाही. उकडत होतं.

२४ फेब्रुवारी, सोमवार
साडेचारला मीटिंग रूममध्ये बोलावलं. शाल दिली, सर्टिफिकेट दिलं. मी स्वतः वाचलं. अप्रिशिएट, अ‍ॅडमायर, कमेंड, तिन्ही होते. टाळ्या झाल्या. वर्तकनगरचं नाव कोणी काढलं नाही. उद्यापासून येऊ नका, एवढं हेमा मॅडमनी मराठीत सांगितलं.
पँट्रीत ओट्यावर मशीन बसलंय. बटणं आहेत. बिनसाखरेचा. आलं जास्त. एक कप घेऊन बघितला. पाणी.
साकेतने वही खिळ्यावरून काढून दिली. म्हणाला, आता लागणार नाही, घरी न्या.
शेवटच्या पानावर लिहिलं, आय क्रिटिसाइझ धिस टी. खाली सही केली. मग वही पिशवीत घातली.
संचिताने घरी तपासलं. म्हणाली, आत्या, वाक्य बरोबर आहे.