अर्जात न लिहिलेला घाव

ताई,

हे पत्र मी पेटीत टाकणार नाही, म्हणूनच खरं लिहितोय.

मला कामावर परत घ्या, असा कोर्टाचा हुकूम घेऊन मी गेटवर गेलो. मॅनेजर कोण, तर आपले दाजी. त्यांनी तो माझ्यादेखत टराटरा फाडला आणि वर हसले. माझं डोकं फिरलं. लगेच कामाला लागायचं म्हणून नेलेला फिटरचा पाना हातात होताच, तो त्यांच्या डोळ्यावर हाणला. रक्ताची चिळकांडी माझ्या तोंडावर उडाली. मग वॉचमननी मला लाथांनी तुडवलं, तीन दात पाडले.

अवमान याचिकेला मी फाटका हुकूम जोडला, दातांचंही लिहिलं. पान्याचं नाव काढलं नाही.

आज जजसाहेबांनी दाजींना विचारलं, "डोळ्याला काय झालं?"

"मशीनचा तुकडा उडाला, साहेब."

एका शब्दात दाजींना मला आत टाकता आलं असतं. पण हरामखोर तुझ्यासाठी गप्प बसला! मी तिथेच याचिका मागे घेतली. हात मात्र अजून शिवशिवतोय.

संध्याकाळी तुझा फोन आला. "माझ्या संसाराकडे बघून केस मागे घेतलीस ना रे? यांचा डोळा तर देवानेच नेला."

मी "हो" म्हणालो.

तुझा धाकटा