बंद फोनला चार्जर

१२ ऑगस्ट, सोमवार
श्रावणी सोमवार. उपास. शि.नी आज रमीच्या ॲपवर स्वतःच स्वतःला बंदी घालून घेतली. सहा महिने. फॉर्ममध्ये कारण लिहायचा चौकोन होता. म्हणाले, "काय लिहू?" मी म्हणलं, "लिहा, बायको." लिहिलं की खरंच. हसू कुणालाच आलं न्हाई.

मग देवाऱ्यापुढं बसून गळ्यातलं इष्टलिंग डाव्या तळहातावर घेतलं अन् माझ्यासमोर आण घेतली. "खेळणार न्हाई. पैशाचं न्हाई, बिनपैशाचं न्हाई." एकोणीस वर्षांच्या संसारात नवऱ्याला आण घेताना पयल्यांदा बघितलं. सिम काढून जुन्या बटनाच्या फोनात घातलं. मोठा फोन माझ्या हवाली. मी म्हणलं, बंद करून कपाटात ठेवते, साड्यांखाली.

पोरीचा फोन लातूरला हॉस्टेलच्या रेक्टरकडं, नवऱ्याचा माझ्याकडं. गौरीला यातलं काही सांगायचं न्हाई. बारावी हाय तिची.

१३ ऑगस्ट
फोन बंद केला न्हाई. बंदीची मेल येते का बघायचं होतं. वायफायवर आली. बरं वाटलं.

तेवढ्यात दुसरंच काही वाजलं. किल्ल्याचा एक खेळ हाय त्यांच्या फोनात, त्याची चिठ्ठी. "तुमची पेटी वाट बघते आहे. सलग ९ दिवस! आज उघडली नाही तर पहिल्यापासून." खेळाचा दिवस दुपारी साडेबाराला संपतो म्हणं.

सोळा सोमवार करताना अकराव्या सोमवारी शिवणाच्या नादात तोंडात चिवडा गेला होता माझ्या. परत पयल्यापासून धरले. चालू नेम मोडला की कसं वाटतंय मला ठाऊक हाय. शि. सहा महिन्यांनी बघतील तवा निदान एवढं तरी शाबूत राहू द्या. रमी थोडीच हाय. उघडली पेटी. लाकडाची एक मोळी निघाली.

२६ ऑगस्ट, सोम.
शि. चिडचिड करून राहिले. आमटीत मीठ कमी, पंखा आवाज करतो, शेजारी मोठ्यानं बोलतात. हार्डवेअरच्या दुकानातून खिशात नटबोल्ट घेऊन येतात अन् टीव्ही बघताना नट चढवतात, उतरवतात. बोटांना काम पाहिजे म्हणाले. मी म्हणलं, मग शेंगा निवडा. निवडल्या बिचाऱ्यांनी. पावशेर.

पेटी – २३.

९ सप्टें.
पेटी आधी हलते. मग थांबते. मग परत हलते. तेवढ्या वेळात छातीत काहीतरी होतं, अन् उघडली की जातं. काय निघालं ते मग बघावंसं पण वाटत न्हाई.

सोन्याचा घोडा चार तुकड्यांत मिळतो. तीन मिळालेत. जाहिरात बघितली की एक पेटी जास्त. आज अकरा जाहिराती बघितल्या. शिलाईचं मशीन तसंच पडून.

समोरच्या वकिलीणबाईंच्या ब्लाउजला दोन्ही बाह्या उजव्या लावल्या. बाई हसल्या, म्हणाल्या, "कुणीकडं ध्यान हाय हो?" उसवायला दुपार गेली.

३ ऑक्टो., घटस्थापना
घट बसवला. मग कोपऱ्यावरच्या रिचार्जच्या दुकानात जाऊन कोड घेतला. कागदावर लिहून देतात, खेळात टाकायचा, मोठ्या पेट्या मिळतात. दुकानदार म्हणाला, "पोरासाठी काय ताई? लई नाद असतोय पोरांना." म्हणलं, "हाव, पोरासाठी." मला पोरगा न्हाई.

घोड्याचा चौथा तुकडा निघाला न्हाई. नऊ दिवस अखंड दिवा लावायचा हाय. दिव्यात तेल घालायला उठले की पेटी पण बघते. दोन्ही एकाच हातानं.

१९ ऑक्टो.
शि.नी जसा फॉर्म भरला तसा या खेळात शोधला. सेटिंग सगळी पालथी घातली. आवाज बंद करता येतो. थरथर बंद करता येते. भाषा बदलता येते. स्वतःला बाहेर ठेवायचं कुठं न्हाई. मदतीला लिहून विचारलं. उत्तर आलं, हा जुगार नाही, मनोरंजन आहे, खेळत राहा. सोबत एक पेटी फुकट.

उघडली.

३१ ऑक्टो.
किल्लारीहून बसूचा फोन. धाकटा भाऊ माझा. रडून राहिला होता. "अक्का, लक्ष्मी आली. ऐन दिवाळीत." लग्नाला नऊ वर्षं झाली होती पोराच्या. "नाव तूच ठेवायचं बघ. बाराव्या दिवशी. आत्या हायस तू."

नाव ठरवलं पण. गिरिजा. गौरीची बहीण गिरिजा. कुणाला सांगितलं न्हाई. आमच्यात आत्यानं नाव आधी फोडायचं नसतं, आधी लेकराच्या कानात सांगायचं, मग चारचौघांत. शि. म्हणाले, मला तरी सांग. म्हणलं, तुमी कोण लागून गेलात?

लई दिवसांनी हसलो दोघं.

११ नोव्हें., सोमवार, किल्लारी
लिहायचं न्हाई असं वाटून राहिलं. लिहिते.

बारशाचा मुहूर्त बाराचा. पेटी आज शंभरावी. शंभराव्या दिवसाला सोन्याची पेटी असते, महिनाभर दाखवून राहिलेत. बसूच्या घरात रेंज येत न्हाई. इथली सगळी घरं भूकंपानंतरची, सरळ रेषेत, रेंज तेवढी गच्चीवर. फोन माझं सिम घालून, रुमालात गुंडाळून पर्समध्ये आणला होता. पावणेबाराला वर गेले. दोन मिनिटांचं काम.

गोल गोल फिरत होतं. लागायचं, तुटायचं. टाकीवर चढून हात वर धरला. खालून बायकांचा आवाज येत होता, "आत्या कुठं हाय? आत्याला बोलवा." ऐकू येत होतं. आलेच म्हणायचं मनात होतं. तोंडातून निघालं का न्हाई ठाऊक न्हाई.

बारा वीसला उघडली. घोडा न्हाई. लाकडाच्या दोनशे मोळ्या.

खाली आले तर पाळणा म्हणून झालेला. मुहूर्त टळतो म्हणून आमच्या चुलत बहिणीला पाळण्याजवळ बसवलं होतं. तिला काय माहीत माझ्या मनात काय हाय. तिनं कानात "आर्वी" सांगितलं. बायका तिच्याच पाठीत धपाटे घालून राहिल्या होत्या. आत्याला आणलेली साडी घडीची तशी वहिनीनं माझ्या हातात दिली. बसू माझ्याकडं बघत न्हवता.

मी घुगऱ्या वाटल्या. सगळ्यांना पुरल्या.

१२ नोव्हें., नांदेड
निघताना वहिनी म्हणाली, "वन्सं, तब्येतीला जपा. भाऊजी वर जाऊन आले अन् म्हणाले, तिला चक्कर आलीय, पडलीय जरा."

शि. वर आले होते. मला दिसले न्हाईत.

किल्लारी ते नांदेड बसमध्ये शेजारी बसून आलो.   लोह्याला चहा घेतला. "साखर जास्त हाय," एवढं बोलले.

पेटी – १०१.

५ डिसें.
रोज ठरवते, आज न्हाई. साडेबाराला पाच कमी असताना उठते.

गिरिजा म्हणून कुणीच न्हाई. कुठं नोंद न्हाई, कुणाला ठाऊक न्हाई. मलाच मधूनच आठवतं. मग पेटी बघते. मग काहीच वाटत न्हाई. बरं असतं.

शि. शिस्तीत हायत. चिडत न्हाईत. पहाटे लिंग हातावर घेऊन बसतात, पयल्यापेक्षा जास्त वेळ.  दुकानातल्या कॅलेंडरवर रोज काट मारतात म्हणं. गौरीचा फोन आला की मोठ्यानं बोलतात. बरा हाय माणूस. मी राखण केली असं त्यांच्या तोंडून चार जणांत निघतं. लाज वाटते मला.

१४ जाने., संक्रांत
तिळगूळ केला. वहिनीचा फोन. "आर्वी म्हणलं की हसते बघा वन्सं, वळखते नाव." गोड हाय लेकरू, म्हणलं. खरंच हाय.

घोडा मिळाला आज. चौथा तुकडा. सोन्याचा, आयाळ हलते त्याची. बघितला. एवढाच? त्याच्या खाली लगेच हत्ती आला. सहा तुकडे.

संध्याकाळी शि. मशीनजवळ उभे राहिले. त्यांच्या मोठ्या फोनचं चार्जर प्लगमध्ये होतं. हातानं चाचपून बघितलं. म्हणाले, "गरम हाय. बंद फोनला चार्जर कशाला लागतंय?"

मी दोरा ओवून राहिले होते. ओवला जाईना. त्यांनी सुई घेतली, ओवून दिली अन् दुकानात गेले.

१२ फेब्रु., बुधवार
सहा महिने झाले. सकाळीच शि.च्या बटनाच्या फोनवर मेसेज आला, रमीवाल्यांचा. तुमची बंदी संपली, पुन्हा स्वागत, स्वागताचा बोनस तयार आहे. मला वाचून दाखवला. "बघ, पाहुण्यागत बोलावून राहिले. संध्याकाळी फोन काढून ठेव. कायमची बंदी घालतो."

दिवसभर काम झालं न्हाई. संध्याकाळी ते यायच्या आधी खेळ काढून टाकायला बोट ठेवलं. त्यानं विचारलं, "नक्की? सलग १९३ दिवस वाया जातील." नको दाबलं.

शि.नी चहा घेतला, चष्मा लावला, फॉर्म भरला. कारणाच्या चौकोनात काय लिहिलं दिसलं न्हाई. या बारीला विचारलं न्हाई मला. पाठवून झालं अन् वाजलंच. "तुमची पेटी वाट बघते आहे." वाचलं त्यांनी. सगळं वाचलं. काच शर्टाला पुसली अन् फोन माझ्या हातात दिला.

"हे तुझं हाय."

आवाज चढला असता तर बरं झालं असतं. भांडले असते मी.

१३ फेब्रु.
सकाळी पूजा झाल्यावर उठले न्हाईत. मला म्हणाले, "बस."
"किल्लारीला मी वर आलतो."
"ठाऊक हाय."
"हाक मारणार होतो. तुझी पाठ दिसली. टाकीवर चढून हात वर केलेली. माझी पण पाठच दिसत असंल तुला, रमीची तीन वर्षं." थांबले. "मग हाक मारवंना. खाली जाऊन खोटं बोललो."

मी म्हणलं, "मला पण घाला आण. बसते मी लिंग घेऊन."
"मी न्हाई घालणार. मला तू कुठं घातली होतीस? मीच घेतली. तू निस्ती समोर होतीस."

नाव सांगितलं मग त्यांना. गिरिजा. पयल्यांदा तोंडातून निघालं. शि.नी एकदा म्हणून बघितलं, हळू. मला रडू आलं. तीन महिन्यांनी आलं.

ते दुकानात गेले. मी ब्लाउज कापायला घेतला. कात्री चालली. साडेअकरापर्यंत बरी चालली.

आता बारा वाजून दहा. पेटी न उघडता फोन मशीनवर पालथा ठेवलाय. दोनदा थरथरला. नेम मोडायची सवय न्हाई मला, या जिंदगीत तेवढंच एक जमत न्हाई. पयल्यापासून धरायची भीती वाटते, अन् धरायचं काय ते पण कळत न्हाई.

दार वाजलं. शि. आलेत. दीडच्या आत कधी जेवायला येत न्हाईत. ताट करू का विचारलं, म्हणाले, "थांब, घाई न्हाई." समोर खाली बसलेत. खिशातनं नटबोल्ट काढलेत. नट चढवून राहिलेत, उतरवून राहिलेत. माझ्याकडं बघत न्हाईत, फोनकडं बघत न्हाईत.

बारा बावीस.